पहिल्या पानावरची वही

देशाच्या सुरक्षेची काळजी मी आचोळ्याच्या एका इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावरून वाहिली. त्या वर्षांत नालासोपाऱ्याच्या पूर्वेला इमारती आधी उभ्या राहत आणि पाणी मागाहून यायचं असे. ते यायचंच राहून जाई. मी पाणबुड्यांवर लेख लिहायला बसलो की खालून आईची हाक यायची, टँकर आलाय, हंडे घेऊन ये. मी पेन टाकून जिना उतरायचो, दोन हंडे वर आणायचो आणि पुन्हा शत्रूच्या पाणबुड्या मोजायला बसायचो. एकही पाणबुडी मी जन्मात पाहिली नव्हती. समुद्रसुद्धा मला नीट ठाऊक नव्हता. आमच्या घरी तो आठवड्यातून दोनदा टोपलीतून येत असे.

मुंबईतल्या एका मराठी दैनिकात मी बातमीदार होतो. सुरुवातीची वर्षं गटारं, शाळा आणि नगरपालिकेच्या सभा यांत गेली. मग सीमेवर युद्ध झालं आणि वाचकांना एकदम हेर हवेसे झाले. संपादकांनी मला बोलावून सांगितलं, "आजपासून संरक्षण तुझ्याकडे." वडील रत्नागिरीकडचे, मुंबईत एका कचेरीत कारकुनी करून निवृत्त झालेले. त्यांनी हे वाक्य जिन्यात उभं राहून इतक्या लोकांना ऐकवलं की खालच्या मजल्यावरच्या काकूंना वाटलं, मला सैन्यात घेतलं.

हेरांबद्दल लिहिणं फार सोपं असतं, हे बाहेरच्यांना सांगून पटत नाही. गटारावर लिहायचं तर गटारापाशी जावं लागतं, आणि चूक झाली तर नगरसेवक दुसऱ्या दिवशी कचेरीच्या दारात हजर. हेराच्या बातमीत कोणी येत नाही. एक अधिकारी चहा पाजतो, अर्धवट बोलतो आणि उठताना म्हणतो, माझं नाव नको. आपण जागेवर येऊन त्याचं बोलणं लिहून काढायचं आणि शेवटी 'असे समजते' जोडायचं. कोणाला समजतं आणि कसं, हे विचारायची पद्धत नाही. मथळ्याच्या शेवटी प्रश्नचिन्ह टाकलं की कोर्टातही कोणी फारसं वाकडं करू शकत नाही. आणि या सगळ्याच्या वर एक नियम होता, सूत्राचं नाव मरेपर्यंत सांगायचं नाही. तो नियम मी पाळला. माझ्या हातून पाळली गेलेली बहुधा ती एकच गोष्ट.

आता मावशी. वसईच्या पाचूबंदरची कोळीण, गळ्यात काळ्या दोऱ्यात ओवलेला क्रूस, डोक्यावर टोपली. बुधवारी आणि शुक्रवारी ती आमच्या इमारतीत यायची. सगळे तिला मावशी म्हणायचे, आईसुद्धा, जरी दोघी एकाच वयाच्या असाव्यात. तिसऱ्या मजल्यापर्यंत चढून आली की ती दारातच बसायची, आई तिला पाणी द्यायची, आणि मासळी कापता कापता दोघींचं बोलणं सुरू व्हायचं ते टोपली रिकामी होईपर्यंत. आमच्याकडची रद्दी तीच न्यायची. माझे लेख बोंबलांभोवती गुंडाळले जाऊन पापडीच्या बाजारापर्यंत पोचायचे, आणि मी तिला ते हसत सांगायचो तेव्हा ती म्हणायची, "दादा, तुजा पेपर जाड हाय, पानी धरतो."

तिचा नवरा खलाशी. गुजरातच्या एका मोठ्या बोटीवर कामाला गेला असताना ती बोट पाण्यातली रेघ ओलांडून पलीकडे गेली, आणि सगळ्या खलाशांना तिकडच्या नौदलाने उचलून कराचीच्या तुरुंगात टाकलं. तेव्हा मावशी टोपली न घेता आली होती. आईने मला पुढे केलं. मी आतल्या पानावर चार ओळी लिहिल्या, वसईचे खलाशी कराचीत, घरचे चिंतेत, एवढंच. पुढे दोन्ही सरकारांचं काहीतरी बोलणं झालं आणि काही महिन्यांनी बरेच मच्छीमार सुटले, त्यांत तोही. कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ पडली. पण मावशीने ठरवून टाकलं की माझ्या बातमीने तिचा माणूस सुटला. ती एक अख्खी घोळ, तिच्याकडची सगळ्यात महाग मासळी, घेऊन आली आणि आईच्या पुढ्यात ठेवून म्हणाली, "ह्या दादाच्या लिवन्यात जोर हाय." मी नको नको म्हटलं, पण मनातून मला ते आवडलं होतं. खोटं कशाला सांगू, मीही थोडा विश्वास ठेवला.

नवरा परत आल्यावर दुसऱ्याच्या बोटीवर गेला नाही. थोरल्या भावाबरोबर घरच्या लहान होडीवर जाऊ लागला. आणि एक दिवस मावशी एक पत्र घेऊन आली. कराचीहून आलेलं, उर्दूत. आईने सोपाऱ्याच्या एका मौलवींना घरी बोलावून ते वाचून घेतलं, आणि मी त्या दिवशी घरी होतो म्हणून मीही ऐकलं. तुरुंगात स्वयंपाक करणाऱ्या एका म्हाताऱ्या कैद्याने ईदच्या निमित्ताने कोणाकडून तरी लिहवून घेतलं होतं. घरी नीट पोचलास का, पाठीचं दुखणं कसं आहे, आणि तू नेहमी म्हणायचास तसा माझा भात अजून गिचकाच होतो. एवढंच. मावशी हसली आणि पत्र परत पोलक्यात ठेवून गेली.

हे सगळं मला माहीत होतं. हे आधी सांगून ठेवतो.

युद्धानंतरच्या हिवाळ्यात एका तपास यंत्रणेतल्या अधिकाऱ्याने मला फोन केला. त्याच्याकडून मी चार-पाच बातम्या घेतल्या होत्या आणि त्याच्यामुळेच कचेरीत माझं वजन वाढलं होतं. त्याच्या खोलीत गेलो तर त्याने टेबलावरून एक कागद सरकवला. एका छोट्या वहीच्या पानाची झेरॉक्स. त्यावर निळ्या पेनाने आकड्यांच्या जोड्या लिहिलेल्या, प्रत्येक जोडीपुढे एक खूण, कुठे फुली, कुठे माशासारखं काहीतरी, कुठे दोन टिंबं.

"तुमच्या वसईचाच आहे," तो म्हणाला. "कराचीला राहून आलाय. आल्यावर एक यंत्र घेतलंय, उपग्रहावरून जागा कळते ते. परवा उचलला. आकडे कसले, विचारलं तर तोंड उघडत नाही. दोन दिवस झाले. निर्दोष माणूस बोलतो, बाबा."

त्याने नाव सांगितलं. नवऱ्याचं नाव मावशीने कधी घेतलं नव्हतं, पण कराचीच्या चार ओळी लिहिताना मी ते यादीत वाचलं होतं. मी ओळखलं. त्या क्षणी मला काय वाटलं, ते इतक्या वर्षांनी लिहितानाही लाज वाटते. मला वाटलं, हा माणूस माझ्या माहितीतला आहे, ही बातमी दुसऱ्या कोणाकडे असूच शकत नाही. मावशीचा विचार मनात आला तो गाडीत बसल्यावर, आणि तोही असा की, बिचारीला काही कल्पना नसेल.

संपादकांनी झेरॉक्स पाहिली आणि खुर्चीतून उठले. पान छापायचं, त्यांनी तिथेच ठरवलं, आणि मोठं छापायचं, आकडे वाचता आले पाहिजेत. सांकेतिक भाषा लोकांनी डोळ्यांनी बघितली पाहिजे. मथळा त्यांनीच दिला, 'वसईच्या किनाऱ्यावर हेर?' मग म्हणाले, मजकूर थोडा बारीक आहे, अजून काही आहे का तुझ्याकडे?

होतं. मी लिहिलं, 'सदर इसमास कराचीहून पत्रे येत असत, असे समजते.' एका पत्राची पत्रे मी केली. भाताचं लिहिलं नाही.

दुसऱ्याच दिवशी बातमी आली. पहिलं पान, वर उजवीकडे, दोन कॉलम भरून वहीचं पान. संरक्षणाच्या बातम्यांवर नाव छापत नसत, 'विशेष प्रतिनिधी' एवढंच. वडिलांनी चष्मा पुसून बातमी दोनदा वाचली आणि अंक खाली काकूंना दाखवायला नेला. आई ओट्यापाशी उभी राहून वाचत होती, तिला वाचायला वेळ लागे, ओळीवर बोट ठेवून वाचायची. तिचं बोट शेवटच्या परिच्छेदापाशी थांबलं.

"पत्राचं तुला कोणी सांगितलं?"

"सूत्रांनी," मी म्हटलं. तोंडात बसलेला शब्द, आपोआप आला.

"सूत्र म्हणजे मी का?" तिने विचारलं.

तिने अंक घडी घालून गादीखाली ठेवला, रद्दीत टाकला नाही. त्या बुधवारी मावशी आली नाही, शुक्रवारीही नाही.

ती आली ती सोमवारी, टोपलीशिवाय, मागच्या वेळी आली होती तशीच. दारात न बसता आत येऊन जमिनीवर बसली. तिने मला सांगितलं की तिच्या माणसाला धरून नेलंय, कोणीतरी पेपरात काहीबाही लिहिलंय, वसईच्या कोर्टात वकील दिलाय, तो म्हणतो त्या पेपरातल्या पत्राच्या गोष्टीमुळे कोठडी वाढवून मिळाली. सरकारी वकिलाने पत्राच्या मजकुरापुरतं कात्रणच कागदांना जोडलंय. "दादा, मागं तुज्या चार लायनीनं सुटला. आता बी लिव. तू लिवलंस की सोडतील."

तिला वाचता येत नव्हतं आणि बातमीवर माझं नाव नव्हतं. मी गप्प बसलो असतो तर तिला कळलंही नसतं. मी गप्पच बसणार होतो. आई ओट्याकडे तोंड करून उभी होती, ती वळली आणि म्हणाली, "मावशी, यानंच लिहिलंय ते. आणि पत्राचं माझ्याकडून ऐकून लिहिलंय."

मावशी माझ्याकडे बघत राहिली. रागावली असती तर मला सोपं गेलं असतं. ती समजून घ्यायचा प्रयत्न करत होती, की हे कसं होऊ शकतं, आणि ते तिला जमत नव्हतं. शेवटी ती म्हणाली, "मग तूच पूस. लिवलंस तू, तर पुसायला बी तुनाच पायजे."

मग तिने आकड्यांचं सांगितलं. आजेसासऱ्याच्या वेळची गोष्ट. समुद्रात आत, पाण्याखाली एक बुडालेलं जुनं गलबत आहे. त्याच्या आसऱ्याला थंडीत घोळ आणि दाढा असे मोठे मासे जमतात. तुंगारेश्वराच्या डोंगराची खाच अमुक ठिकाणी दिसली की जाळं सोडायचं, ही खूण म्हाताऱ्याने मुलाला दिली, मुलाने नातवांना. घरची होडी लहान, मोठ्या बोटींपुढे टिकाव लागत नाही, त्या एका जागेवर दोन भावांची दोन घरं चालत. कोणी मागे येताना दिसलं तर ते भलतीकडेच जाळं टाकून दिवस वाया घालवत, पण जागा दाखवत नसत. नवऱ्याने यंत्र घेतलं तेव्हा ती जागा आणि आजूबाजूच्या चार जागा आकड्यांत लिहून ठेवल्या, धुकं असलं की डोंगर दिसत नाही म्हणून. वसईसमोरच्या दर्यात अक्षांश-रेखांशाचे पहिले दोन आकडे सगळीकडे तेच, एकोणीस आणि बहात्तर. ते कोणी लिहीत नाही, पुढचेच तेवढे लिहितात. म्हणून पोलिसांना उकल झाली नाही.

"मग सांगत का नाही तो?" मी विचारलं.

"त्या खोलीत आमच्या बाजूच्या बंदरचा हवालदार होता, त्याच्या भावाची मोटी बोट हाय. त्याच्यापुढं कसा सांगंल? मग मारला त्याला. मार खाल्ल्यावर तर नायच सांगनार, तसाच हाय तो." तिने पदर सारखा केला. "पन आता काय राह्यलाय? तू छापलास. बंदरावर पयल्याच सकाली सगल्यांनी वलखला. पेपर हातात घेऊन गेले लोक. माजा दीर गेला तर तिथं जायाला वाट नवती."

मला हे कळायला थोडा वेळ लागला. पोलिसांना, संपादकांना, मला आणि मुंबईतल्या सगळ्या वाचकांना जी शत्रूची सांकेतिक भाषा वाटली, ती वसईपासून अर्नाळ्यापर्यंतच्या होडी हाकणाऱ्या कुठल्याही तांडेलाला बसच्या पाटीसारखी वाचता येत होती. आणि आकडे वाचता आलेच पाहिजेत, म्हणून आम्ही ते मोठे करून छापले होते.

जाताना मावशी दारात वळली. "त्याला ह्यातला काय कलू देऊ नको. कोनाकडून बी. मी मुलाकातीला जाते, मी बी नाय सांगत. जागा शाबूत हाय म्हनून तो आत उभा हाय. कलला तर मरंल." मी मान हलवली. ती एक गोष्ट करायला मी ताबडतोब तयार झालो. त्यात मला काहीच करायचं नव्हतं.

पुसायचा प्रयत्न मी केला, पण तो कसा केला तेही सांगतो. अधिकाऱ्याकडे गेलो आणि माशांच्या जागांचं सांगितलं. तो हसला. "बायको असंच सांगणार. मासे पकडायची जागा असती तर पहिल्या थपडीला सांगितली असती की. कोण मासळीसाठी मार खातो?" मी म्हटलं, तुम्ही कोणा खलाशाला आकडे दाखवा. तो म्हणाला, बघू. मग त्याने मला दुसऱ्या एका प्रकरणाचं थोडंसं सांगितलं आणि मी वही काढून ते लिहून घेतलं. हो, लिहून घेतलं. त्याच्याशी बिघडलं असतं तर मी पुन्हा गटारांवर गेलो असतो.

संपादक म्हणाले, खुलासा यंत्रणेकडून आला तर छापू, आरोपीच्या बायकोकडून आलेला छापायला लागलो तर रोज तेच छापावं लागेल. मी तरीही सहा ओळी लिहिल्या. त्या तीन होऊन सातव्या पानावर लागल्या, 'आकडे मासेमारीचे असल्याचा दावा'. दावा हा शब्द माझा नव्हता, पण मी भांडलोही नाही.

मग मावशीचा वकील मला भेटला. थकलेला माणूस होता, एका हातात चार अशिलांचे कागद. तो म्हणाला, तुम्ही एवढंच प्रतिज्ञापत्र करून द्या की पत्राची माहिती तुम्हाला घरातून मिळाली, पत्र एकच होतं आणि त्यात भाताशिवाय काही नव्हतं. पत्राचा मुद्दा गेला की प्रकरणात जीव उरत नाही. मी त्याला म्हटलं, आमच्या धंद्यात सूत्र उघड करत नाहीत. तो माझ्याकडे बघून म्हणाला, "सूत्र तुमची आई आहे ना? ती स्वतः म्हणतेय, मला कोर्टात घेऊन चला." आई खरंच तयार होती. तिने कोर्टात नेसायचं लुगडंसुद्धा काढून ठेवलं होतं. मी वडिलांना मध्ये घातलं, या वयात आईला कोर्टाची पायरी चढवायची का, असं त्यांच्या तोंडून वदवलं, आणि लुगडं पुन्हा कपाटात गेलं. धंद्याच्या धर्मामागे मी आईला लपवलं आणि आईमागे स्वतःला. भेकड होतो, याहून मोठं कारण शोधायला गेलो तर सापडत नाही.

मावशी मधूनमधून यायची, मासळी घेऊन. मासळी आता निवडीची नसे, बारीकसारीक, मिळेल ती. आईशी बोलायची, माझ्याशी नाही. एकदा म्हणाली, रविवारी चर्चमध्ये मिस्साला गेलं की बाकावरची माणसं सरकून बसतात. कोणी काही बोलत नाही, सरकतात फक्त. आई ऐकत राहिली आणि मी आतल्या खोलीत पाकिस्तानच्या क्षेपणास्त्रांवर लिहीत राहिलो.

त्याच वर्षात माझं बस्तान बसलं. हेरांच्या बातम्या मागून घेतल्या जाऊ लागल्या. मला व्याख्यानमालांना बोलावत, 'सागरी सुरक्षा आणि आपण'. शाल, नारळ, फोटो. पुढे मराठी वाहिन्या निघाल्या तेव्हा माझ्या नावाखाली 'संरक्षणविषयक अभ्यासक' अशी पट्टी फिरायची. एकदा नौदलाच्या जहाजावर पत्रकारांना नेलं, तिथे मी पहिल्या तासातच ओकलो. उंटावरून शेळ्या हाकणारे पुष्कळ असतात, मी त्यांत चांगला होतो, इतकंच. घरी आलो की टँकरची हाक असायचीच. आई पूर्वी माझी प्रत्येक बातमी वाचायची, आता तिने माझा पेपर हातात घेणं सोडलं. रद्दी मात्र मावशीसाठी बाजूला ठेवायची.

वर्षाहून जास्त काळ गेल्यावर तो सुटला. पुरावा नाही, असं कोर्टाने म्हटलं. आमच्या पेपरात ती बातमी आली नाही. मी दिली नव्हती.

सुटल्यानंतर दहा-बारा दिवसांनी मावशी आली आणि पहिल्यांदा पुन्हा माझ्याशी बोलली. घरी आल्यावरही तिला ते सांगायचं धाडस झालं नाही, आणि दुसऱ्या सकाळी तो होडी घेऊन त्या जागेवर गेला होता. तिथे मोठ्या बोटी होत्या. वर्षभर त्यांनी जागा खरवडून काढली होती, त्याच्या जाळ्यात गलबताचं कुजकं लाकूड आलं, मासा नाही. त्याला एकच वाटलं, मी आत असताना भावाने जागा विकली. त्याने भावाच्या अंगणात जाऊन त्याच्यावर हात टाकला. दोन घरांमध्ये आता बोलणं नाही, होडी ओढून ठेवलीय. भाऊ सांगतो पेपरात आलं होतं, तर हा म्हणतो, पोलिसांना नाही कळलं ते पेपराला कुठून कळणार. "तू ये," मावशी म्हणाली. "पेपर घेऊन ये. तुज्या तोंडानं सांग. भाऊ तरी ऱ्हाऊं दे त्याला."

आईने गादीखालचा अंक काढून माझ्या हातात दिला. तिथेच होता तो, इतके दिवस.

पाचूबंदरला मी त्याआधी कधी गेलो नव्हतो. वसईच्या किनाऱ्यावर हेर असल्याचं मी साऱ्या महाराष्ट्राला सांगितलं होतं आणि तो किनारा मला विचारत विचारत जावं लागलं. नाताळ जवळ आला होता, घरांवर कागदी चांदण्या लागल्या होत्या, वाळत घातलेल्या बोंबलांचा वास सगळीकडे. त्याचं घर अगदी शेवटी. तो ओट्यावर बसला होता. मी मनात धिप्पाड माणूस धरला होता, हा बारीक होता, केस पिकलेले, आणि डाव्या हाताची दोन बोटं नीट मिटत नव्हती. मावशी दाराच्या चौकटीला टेकून उभी राहिली.

मी कोण ते सांगितलं. माफ करा म्हटलं. तो शब्द तिथे फारच हलका वाटला. मग अंक उघडून त्याच्यापुढे ठेवला.

माझ्या मजकुराकडे त्याने पाहिलंही नाही. फोटोवर वाकला आणि स्वतःच्या अक्षरावरून ते न मिटणारं बोट फिरवत गेला, एकेक जोडी, जुन्या गलबताच्या आकड्यांपाशी येऊन थांबला. मी म्हटलं, तुमच्या भावाने काही केलेलं नाही, हे मी केलंय. त्याने मान हलवली. मला वाटलं आता शिव्या देईल. हेर म्हटलं, वर्ष खाल्लं, हात मोडला, त्यासाठी काहीतरी म्हणेल. त्याने विचारलं, "कदी आला हा पेपर?"

"तुम्हाला नेलं, त्याच्या तिसऱ्या दिवशी."

"तिसऱ्या?"

"हो."

तो बोटांवर काहीतरी मोजू लागला आणि मध्येच थांबला. मग अगदी साध्या आवाजात, कोणावर न रागावता, म्हणाला, "मना कोनी हा दाखवला असता तर मी सांगितला असता त्यांना. लपवायला काय राह्यला होता? नकाशावर बोट ठेवून दाखवली असती जागा. संद्याकाली घरी आलो असतो."

चौकटीत मावशीचा हात तोंडावर गेला.

मी तिच्याकडे पाहू शकलो नाही. तिने प्रेमाने लपवलं होतं, तिला कुठून कळणार होतं की छापून आलेलं गुपित सांभाळायला आपला माणूस आत मार खातोय. ते मला कळायला हवं होतं. गुपित छापलं की ते गुपित राहत नाही, एवढी एकच गोष्ट माझ्या धंद्यात शिकवतात. तो अधिकारी माझ्यासमोर म्हणाला होता, कोण मासळीसाठी मार खातो, आणि अंक माझ्या पिशवीत होता. त्याला एकदा दाखवा, एवढं म्हणायचं होतं. चार शब्दसुद्धा लागले नसते.

त्याने अंकाची घडी केली, उठला आणि तो घेऊन भावाच्या घराकडे चालू लागला. मावशी तिथेच उभी होती. तिने मला बस म्हटलं नाही आणि जा म्हटलं नाही. त्यानंतर ती आमच्या इमारतीत कधी आली नाही, आणि आईने दुसऱ्या कोळणीकडून मासळी घेतली नाही.